माणूस मोजण्याची गोष्ट: रिस्लेच्या नाकापासून इरावतीबाईंच्या कवट्यांपर्यंत

आजचा विषय जरा आडवळणाचा आहे. सजीवांचे आकार मोजायचे आणि त्या मापांचं संख्याशास्त्र मांडायचं, अशी एक विद्या आहे. तिचा इतिहास, आणि त्यातही महाराष्ट्राच्या वाट्याला आलेला भाग, आज आपल्याला बघायचा आहे. तत्त्वज्ञान शिकवणाऱ्या माणसाने यात कशाला पडावं, असं कुणी म्हणेल. आमचं उत्तर असं, की या विद्येत परकार आणि पट्टी जेवढी लागते, तेवढाच एक जुना तात्त्विक प्रश्नही लागतो. दोन गोष्टी 'एका जातीच्या' आहेत असं आपण म्हणतो, तेव्हा नेमकं काय म्हणत असतो? आपल्या मराठीत तर आंब्याची जात, माशाची जात आणि माणसाची जात, तिन्हींना शब्द एकच. या एका शब्दामुळे केवढा घोटाळा होऊ शकतो, ते आजच्या गोष्टीत पुढे येईलच.

सुरुवात माशापासून करू. आपल्या पनवेलच्या मासळी बाजारात पापलेट आणि हलवा एकाच पाटीत पडलेले दिसतात. दोन्ही चपटे, दोन्ही जवळपास गोल. रंग बाजूला ठेवला तरी कोळीणबाईला क्षणभरही शंका येत नाही. तिला विचारा, कशावरून ओळखलंत? ती म्हणेल, अहो, दिसतंय की! आता हे जे तिला 'दिसतं', ते आकड्यांत कसं मांडायचं? लहान पापलेट आणि मोठं पापलेट यांचं आकारमान वेगळं असतं, पण आकार तोच असतो. म्हणजे नुसती लांबी मोजून भागत नाही. लांबीला रुंदीने भागावं लागतं, एका मापाचं दुसऱ्या मापाशी असलेलं नातं पाहावं लागतं. आकार म्हणजे मापांमधलं नातं. ही गोष्ट सोपी वाटते, पण तिच्यापर्यंत नीट पोचायला शास्त्राला एकोणिसावं शतक उजाडावं लागलं.

त्या शतकात दोन विचार समोरासमोर उभे राहिले. बेल्जियमचा ॲडॉल्फ केटले हा मुळात खगोलशास्त्रज्ञ. एकाच ताऱ्याची जागा दहा वेळा मोजली तर दहा उत्तरं किंचित वेगळी येतात. त्यांची सरासरी खरी, आणि बाकीचा फरक ही मोजण्यातली चूक. हीच दृष्टी त्याने माणसाला लावली. स्कॉटिश सैनिकांच्या छातीची मापं घेऊन तो म्हणाला, यांची जी सरासरी येते, तिच्यात निसर्गाचा खरा हेतू दिसतो. १८३५ साली त्याने 'सरासरी माणूस' ही कल्पना मांडली. आमच्या विषयाच्या भाषेत सांगायचं तर हा प्लेटोच आहे, फक्त हातात पट्टी घेतलेला. खरा माणूस वर कुठेतरी आदर्श स्वरूपात आहे, आणि आपण सगळे त्याच्या कमीअधिक बिघडलेल्या नकला!

याच्या उलट डार्विन. त्याच्यानंतर लोकांच्या लक्षात आलं, की फरक हीच खरी गोष्ट आहे. सगळे खेकडे सारखेच असते, तर निवड कशातून होणार? म्हणून इंग्लंडमध्ये वेल्डन या प्राणिशास्त्रज्ञाने १८९० च्या दशकात हजारो खेकड्यांची कवचं मोजली आणि गणिती कार्ल पिअर्सनने ते आकडे हाताळण्याची साधनं तयार केली. १९०१ साली या दोघांनी गॉल्टनच्या साथीने 'बायोमेट्रिका' हे नियतकालिक सुरू केलं. या नव्या दृष्टीत सरासरी ही फक्त एक बेरीज-भागाकार राहते. खरे असतात ते प्रत्यक्षातले वेगवेगळे जीव.

हे दोन विचार लक्षात ठेवा. कारण माणूस मोजायला निघालेले लोक तोंडाने डार्विनचं नाव घेत होते, पण मनातून पुष्कळदा प्लेटोच्याच बाजूला होते.

आता हिंदुस्थानात येऊ. हर्बर्ट रिस्ले नावाचे एक सनदी अधिकारी बंगालमध्ये होते. १८९१ साली त्यांनी बंगालच्या जाती-जमातींवर ग्रंथ प्रसिद्ध केला, आणि पुढे १९०१ च्या खानेसुमारीचे ते आयुक्त झाले. त्यांचं आवडतं माप म्हणजे नाक. नाकाच्या रुंदीला उंचीने भागायचं, शंभराने गुणायचं. जो आकडा येईल तो नासिका-निर्देशांक. सत्तरच्या खाली म्हणजे चाफेकळी, पंच्याऐंशीच्या वर म्हणजे बसकं. रिस्ले यांचं म्हणणं असं, की जातींची सरासरी नाकं एका ओळीत लावली, तर समाजातली उच्चनीचतेची उतरंड जवळपास जशीच्या तशी मिळते. नाक जितकं रुंद, तितकी जात खालची. यावरून त्यांनी निष्कर्ष काढला, की जातिव्यवस्था हा मुळात वंशभेद आहे.

आपल्या भागाबद्दलही त्यांनी एक निवाडा दिला. डोक्याच्या रुंदीला लांबीने भागून जो आकडा येतो, तो महाराष्ट्रात मोठा दिसला. म्हणजे डोकी तुलनेने रुंद. द्रविड लोकांची डोकी लांबट असतात असं त्यांच्या कोष्टकात आधीच ठरलेलं होतं. मग ही रुंदी आली कुठून? तर म्हणे शकांकडून! म्हणून मराठी ब्राह्मण, कुणबी या सगळ्यांना त्यांनी 'शक-द्रविड' या खात्यात घातलं. इथे तर्काची पायरी पाहा. खाती आधी तयार होती. एक समाज त्यांत बसेना, तेव्हा त्याच्यासाठी दोन खाती जोडून तिसरं केलं. खाती काढायचीच कशाला, हा प्रश्न आलाच नाही.

गंमत अशी, की डोक्याचा आकार पिढ्यान्‌पिढ्या पक्का राहतो या समजुतीलाच तिकडे अमेरिकेत तडा गेला होता. फ्रांझ बोआस यांनी न्यूयॉर्कला येऊन स्थायिक झालेल्या कुटुंबांतली सुमारे १८ हजार माणसं मोजली. अमेरिकेत जन्मलेल्या मुलांची डोकी त्यांच्या युरोपात जन्मलेल्या आईवडिलांच्या डोक्यांपेक्षा आकाराने थोडी वेगळी निघाली. अन्न, हवामान, राहणी यांनी डोक्याचा घाट एका पिढीत बदलत असेल, तर दोन हजार वर्षांपूर्वीचे शक त्यावरून कसे शोधायचे? बोआस यांचे हे निष्कर्ष १९११ च्या सुमारास प्रसिद्ध झाले. रिस्ले यांचा 'द पीपल ऑफ इंडिया' हा ग्रंथ आला होता १९०८ साली.

यानंतर गोष्ट नागपूरला येते. १९२० साली नागपुरात भारतीय विज्ञान परिषदेचं अधिवेशन भरलं. तिथे कलकत्त्याचे एक तरुण पदार्थविज्ञानाचे प्राध्यापक आले होते, प्रशांतचंद्र महालनोबिस. प्राणिशास्त्रज्ञ नेल्सन ॲनंडेल यांच्याकडे कलकत्त्यातल्या अँग्लो-इंडियन माणसांची मापं पडून होती. त्यांनी महालनोबिसांना विचारलं, या आकड्यांचं काही करता येईल का? या विचारण्यातून भारतातल्या संख्याशास्त्राची एक मोठी वाट फुटली. १९२२ साली महालनोबिसांचा त्यावरचा पहिला लेख आला. पुढे १९३३ साली 'सांख्य' हे नियतकालिक त्यांनी सुरू केलं, त्यात रिस्ले यांची बंगालची जुनी मापं पुन्हा तपासून, दुरुस्त करून मांडली. आणि १९३६ साली ज्या सूत्राने त्यांचं नाव जगभर गेलं, ते 'महालनोबिस अंतर' किंवा 'डी-स्क्वेअर' पूर्ण रूपात प्रसिद्ध झालं.

हे अंतर म्हणजे काय, ते समजून घेऊ. सूत्र लिहायची गरज नाही. समजा दोन गटांची उंची मोजली, हाताची लांबी मोजली आणि पायाची लांबी मोजली. एक गट तिन्हींत मोठा निघाला. मग या दोन गटांत तीन फरक आहेत का? नाहीत. उंच माणसाचे हातपाय लांब असणारच. एकच फरक आपण तीनदा मोजला. महालनोबिसांचं अंतर ही दुबार मोजणी काढून टाकतं. शिवाय प्रत्येक मापात गटाच्या आतच किती चढउतार आहे, तेही जमेस धरतं. आपल्याकडचं उदाहरण देतो. नकाशावर पट्टी ठेवली तर पनवेलहून माथेरान अगदी हाताशी दिसतं. पण गाडीने जाणाऱ्याला नेरळचा वळसा पडतो. पट्टीचं अंतर आणि जमिनीच्या चढउताराप्रमाणे पडणारं अंतर, यांत जो भेद आहे, तसाच भेद साध्या वजाबाकीत आणि महालनोबिसांच्या अंतरात आहे. त्याच १९३६ साली इंग्लंडमध्ये फिशर यांनी आयरिस फुलांच्या तीन जाती घेतल्या. प्रत्येकीची ५० फुलं, प्रत्येक फुलाची चार मापं. त्यावरून फुलाची जात ओळखण्याची रीत त्यांनी दाखवली. आज संगणकाला चेहरे, पानं, पेशी ओळखायला शिकवतात, तिथे या दोन्ही रीतींची वंशावळ सापडते.

महालनोबिसांची ही साधनं घडत होती, त्याच काळात एक मराठी मुलगी बर्लिनमध्ये कवट्या मोजत होती. आजच्या व्याख्यानाचा गाभा हा आहे, म्हणून इथे थोडं थांबू.

इरावती करमरकर यांचा जन्म १९०५ सालचा, ब्रह्मदेशातला. शिक्षण पुण्याला. १९२६ साली फर्ग्युसन महाविद्यालयातून त्या बी. ए. झाल्या, आणि विषय होता तत्त्वज्ञान! मग मुंबई विद्यापीठात डॉ. गोविंद सदाशिव घुर्ये यांच्याकडे समाजशास्त्राची एम. ए. दिनकर धोंडो कर्वे यांच्याशी लग्न होऊन त्या महर्षी कर्वे यांच्या घरात सून म्हणून आल्या आणि १९२८ साली डॉक्टरेटसाठी जर्मनीला गेल्या. बर्लिनमध्ये नुकतीच, १९२७ साली, मानववंश, मानवी आनुवंशिकता आणि सुप्रजननशास्त्र यांची एक संस्था निघाली होती. तिचे संचालक ऑयगेन फिशर हेच इरावतीबाईंचे मार्गदर्शक. हे फिशर वेगळे, आयरिसच्या फुलांचे इंग्रज फिशर वेगळे. नाव सारखं आहे म्हणून सांगून ठेवतो. जर्मन फिशर वंशश्रेष्ठत्व मानणारे होते, आणि १९३३ साली नाझी सत्तेवर आल्यावर ते बर्लिन विद्यापीठाचे कुलगुरू झाले.

त्यांनी इरावतीबाईंना विषय दिला कवटीच्या असमानतेचा. माणसाच्या कवटीची उजवी आणि डावी बाजू तंतोतंत सारखी नसते. फिशर यांची अटकळ अशी, की युरोपियन माणसाच्या कवटीत ही असमानता जास्त असते आणि तिचा संबंध त्याच्या श्रेष्ठ तर्कबुद्धीशी आहे. इरावतीबाईंनी काय करायचं, तर मोजून ते दाखवून द्यायचं. जर्मनीतल्या आणि जर्मनांच्या आफ्रिकी वसाहतींतून आणलेल्या, अशा जवळजवळ दीडशे कवट्या त्यांच्यापुढे होत्या. त्यांनी मापं घेतली, आकडे मांडले. असमानता सगळीकडेच सापडली. पण तिचा वंशाशी संबंध काही सापडला नाही. आणि त्यांनी प्रबंधात तसंच लिहिलं.

मंडळी, या घटनेकडे नीट बघा. पंचविशीच्या आतली एक विद्यार्थिनी, परका देश, परकी भाषा, परतीची वाट पदवीवर अवलंबून, आणि समोर संस्थेचे संचालक. आकडे थोडे इकडेतिकडे वाकवणं अवघड नव्हतं. खोटं लिहायचीसुद्धा गरज नव्हती. चार कवट्या 'खराब आहेत' म्हणून बाजूला ठेवल्या असत्या तरी काम झालं असतं. तसं त्यांनी केलं नाही. आम्हाला यात नुसतं धाडस दिसत नाही, तर्कशास्त्राची शिस्त दिसते. प्रयोग म्हणजे प्रश्न, आणि ज्या प्रश्नाला 'नाही' हे उत्तर येऊच शकत नाही, तो प्रश्नच नव्हे. रिस्ले यांच्या कोष्टकात 'नाही'ला जागा नव्हती. डोकं बसलं नाही तर नवं खातं निघायचं. इरावतीबाईंनी मापाला 'नाही' म्हणू दिलं.

याच प्रसंगाला दुसरी बाजूही आहे, ती झाकून ठेवणं बरोबर होणार नाही. त्या कवट्या कुणाच्या होत्या? जर्मन साम्राज्याने आफ्रिकेत जी युद्धं केली, ज्या छावण्या उभारल्या, त्या काळात हजारो मानवी अवशेष युरोपातल्या संग्रहांत जाऊन पडले. माणसं होती, ते क्रमांक झाले. आजच्या नामिबियात १९०४ ते १९०८ या काळात हेरेरो आणि नामा लोकांचा संहार झाला. त्यांच्यातल्या २० कवट्या बर्लिनने परत केल्या त्या २०११ साली. इरावतीबाईंच्या टेबलावरच्या कवट्यांनाही कुणी परवानगी विचारलेली नव्हती. त्यांचा निष्कर्ष न्यायाचा होता, पण हाताखालची सामग्री अन्यायातून आलेली होती. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत, आणि त्या दोन्ही एकत्र धरूनच विचार करायला हवा.

इकडे मुंबईत काय चाललं होतं? घुर्ये मूळचे मालवणचे, केंब्रिजला शिकून आलेले. १९३२ साली त्यांचं जात आणि वंश यांवरचं इंग्रजी पुस्तक आलं. रिस्ले यांचा सिद्धान्त त्यांनी प्रांतवार तपासला. उत्तर हिंदुस्थानच्या एका भागात नाकाचं माप आणि जातीची पायरी यांचा मेळ बसतो, असं त्यांनी मान्य केलं. पण महाराष्ट्रात, मद्रासकडे, इतरत्र तो बसत नाही, असं दाखवलं. म्हणजे साऱ्या हिंदुस्थानचा म्हणून सांगितलेला नियम एका कोपऱ्यापुरता उरला.

हीच मापं पुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हातात घेतली. १९२७ साली महाडला चवदार तळ्याचा सत्याग्रह झाला. महाड आणि आपलं पनवेल, दोन्ही तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातली. त्या तळ्यावर जो प्रश्न कृतीने विचारला गेला, तोच १९४८ च्या अस्पृश्यांवरच्या ग्रंथात त्यांनी इतिहासाला आणि शास्त्राला विचारला. अस्पृश्य वेगळ्या वंशाचे होते, म्हणून ते अस्पृश्य ठरले का? बाबासाहेबांनी घुर्ये यांनी दिलेले आकडे घेतले, प्रांतवार ब्राह्मण आणि अस्पृश्य यांची नाकाची मापं शेजारी ठेवली, आणि दाखवलं की या मापांप्रमाणे दोघं एकाच वंशाचे ठरतात. त्यांच्या युक्तिवादाची बांधणी बघण्यासारखी आहे. मानवमिती हे भरवशाचं शास्त्र आहे, असं ते स्वतःच्या शिरावर घेत नाहीत. ते 'जर' म्हणतात. जर हे शास्त्र वंश ठरवायला पुरेसं असेल, तर त्याच शास्त्राने तुमचा सिद्धान्त खोटा ठरतो. आता सिद्धान्त सोडा, नाहीतर शास्त्र सोडा. तर्कशास्त्राच्या वर्गात शिकवावा असा हा पेच आहे; प्रतिपक्षाला तिसरी वाटच ठेवलेली नाही.

इरावतीबाई १९३९ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजात रुजू झाल्या आणि मोजण्याचं काम त्यांनी महाराष्ट्रात सुरू केलं. १९४० च्या दशकात पुरातत्त्वज्ञ ह. धी. सांकलिया यांच्याबरोबर गुजरातेतल्या लांघणजच्या उत्खननातही त्या होत्या; तिथे मध्याश्मयुगीन माणसांचे सांगाडे मिळाले. आणि १९५१ साली त्यांचा आणि प्रा. वि. म. दांडेकरांचा महाराष्ट्राच्या मानवमितीवरचा ग्रंथ डेक्कन कॉलेजने प्रसिद्ध केला. हेच दांडेकर पुढे नीलकंठ रथ यांच्यासह १९७१ साली भारतातल्या दारिद्र्याचा हिशेब मांडून घराघरात पोचले. संख्याशास्त्री एकच, आधी डोक्यांची मापं तपासली, मग पोटाची.

इरावतीबाईंच्या कामात एक बदल महत्त्वाचा होता. त्यांनी विचारलं, मोजायचा गट कोणता? 'ब्राह्मण' हा गट आहे का? 'कुंभार' हा गट आहे का? लग्नं कुणाची कुणाशी होतात, ते बघा. ज्यांच्यात बेटीव्यवहार होतो तो खरा गट, बाकी नुसती नावं. मोठ्या चाकावर काम करणारे कुंभार आणि लहान चाकावर काम करणारे कुंभार यांचा धंदा एक, नाव एक, पण सोयरीक नाही. देशस्थ, कोकणस्थ, कऱ्हाडे यांचंही तेव्हा तसंच होतं. मोजून पाहिल्यावर असं दिसलं, की एका नावाखालचे हे गट एकमेकांपासून पुष्कळ वेगळे असू शकतात. १९६८ साली कैलाश मल्होत्रा यांच्यासह त्यांनी महाराष्ट्रातल्या एकाच दर्जाच्या आठ अंतर्विवाही गटांची तुलना प्रसिद्ध केली, तिचाही रोख हाच होता. एक मोठी जात फुटून तिच्या पोटजाती झाल्या, असं घुर्ये यांचं मत होतं. इरावतीबाईंनी ते नाकारलं. त्यांच्या मते मुळात निरनिराळे असलेले गट एका नावाखाली शेजारी येऊन बसले. म्हणजे आयुष्यात दोनदा त्यांनी आपल्या गुरूशी मतभेद केला, आणि दोन्ही वेळा मापं घेऊन केला.

आता आमची शंका. महालनोबिसांचं अंतर घ्या, नाहीतर इरावतीबाईंची तुलना घ्या. गट आधी ठरवावे लागतात. सूत्र तुम्हाला दोन गटांतलं अंतर सांगतं, पण हे दोन गट करा असं ते सांगत नाही. उद्या कुणी पनवेल स्टेशनच्या पूर्वेला राहणारी हजार माणसं आणि पश्चिमेला राहणारी हजार माणसं मोजली, तर तिथेही काहीतरी अंतर निघेलच, शून्य येणार नाही. आणि माणसं पुरेशी जास्त मोजली, तर बारीकसा फरकही संख्याशास्त्राच्या कसोटीवर 'लक्षणीय' ठरू शकतो. म्हणून नवीन पनवेल आणि जुनं पनवेल हे दोन वंश झाले का? 'लक्षणीय' हा शब्द गणितातला आहे, 'महत्त्वाचा' हा शब्द जगण्यातला आहे. पहिल्यातून दुसरा आपोआप निघत नाही. १९७२ साली रिचर्ड लेवॉन्टिन यांनी रक्तगट आणि प्रथिनांवरून हिशेब मांडला, की माणसामाणसांतल्या आनुवंशिक फरकांपैकी सुमारे ८५ टक्के फरक एकाच लोकसमूहाच्या आत सापडतो. दोन समूहांच्या सरासऱ्यांत फरक असतो हे खरं, पण आपल्याच आळीतल्या दोन माणसांत त्याहून जास्त असू शकतो. वेल्डनच्या खेकड्यांनी जे शिकवलं, तेच हे. फरक खरा, सरासरी ही सोय.

आता ही विद्या कुठे आहे? माणसांच्या वंशांच्या नादातून ती बरीच बाहेर पडली. आज शास्त्रज्ञ माशाच्या, पाकोळीच्या, पानाच्या छायाचित्रावर ठरावीक खुणेचे बिंदू लावतात. डोळ्याचा मध्य, कल्ल्याची कड, पराचं मूळ. मग सगळ्या आकृत्या एका मापाच्या करून, फिरवून, एकमेकींवर बसवतात, आणि उरलेला फरक तपासतात. आकारमान काढून टाकल्यावर जे उरतं, तो आकार. आपल्या कोळीणबाईला जे दिसत होतं, ते आता आकड्यांत उतरतं. इरावतीबाईंनी तपासलेली उजव्या-डाव्या बाजूंची असमानताही आज जोरात अभ्यासली जाते, पण वाढीच्या काळात जिवावर ताण आला होता का, हे शोधण्यासाठी.

आकृत्या एकमेकींवर बसवण्याच्या या रीतीला नाव दिलं आहे एका ग्रीक दरोडेखोराचं, प्रॉक्रस्टीझचं. त्याच्याकडे एक खाट होती. वाटसरूला तो आग्रहाने घरी न्यायचा आणि खाटेवर झोपवायचा. वाटसरू आखूड पडला तर ताणायचा, लांब झाला तर पाय तोडायचा. गणित्यांनी हे नाव विनोदाने घेतलं असेल, पण आम्हाला त्यात या सगळ्या इतिहासाचा इशारा दिसतो. माशाची आकृती ताणली तर माशाला काही होत नाही. माणसासाठी खाट आधी करून ठेवली, तर पाय कुणाचे तरी तुटतात.

आणि माणसं मोजणं काही थांबलेलं नाही. आधारचा पहिला क्रमांक २९ सप्टेंबर २०१० रोजी दिला गेला तो आपल्याच राज्यात, नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली या आदिवासी गावी. बोटांचे ठसे, बुबुळं, चेहरा. हेतू वेगळा आहे, हे मान्यच. रिस्ले यांना माणसाची जात सांगायची होती, आधारला फक्त हा माणूस तोच आहे का, एवढंच बघायचं आहे. पण आयुष्यभर दगडमाती उपसून ज्याच्या बोटांवरच्या रेषा झिजल्या, त्याला यंत्र ओळखत नाही, हे आपण ऐकतो. कर्नाळ्याच्या पायथ्याच्या वाडीवरचा कातकरी मजूर असो, नाहीतर वीटभट्टीवरची बाई असो. तिथे खाट कुणी केली आणि पाय कुणाचे आखूड पडतात, हे विचारायला हवं.

तेव्हा कुणी माणसाच्या शरीराचं माप घेऊन तुमच्यासमोर निष्कर्ष ठेवला, तर तीन प्रश्न जरूर विचारा. गट कुणी पाडले, आणि मोजण्याआधी पाडले की नंतर? या मोजण्यातून 'नाही' असं उत्तर येऊ शकत होतं का? आणि ज्याला मोजलं, त्याला कुणी विचारलं होतं का? इरावतीबाईंच्या कामालाही हे तिन्ही प्रश्न लावून बघा. पहिल्याला त्या अर्ध्या वाटेपर्यंत गेल्या, कारण वरवरची नावं सोडून त्या खऱ्या लग्नसंबंधांपर्यंत पोचल्या, पण गट ही गोष्ट त्यांनी गृहीत धरलीच. तिसऱ्यावर त्यांचा काळच नापास होतो. दुसऱ्यावर मात्र त्या पूर्ण उतरतात. १९७० साली त्या गेल्या. आज महाराष्ट्र त्यांना 'युगान्त'मुळे ओळखतो, १९६८ साली त्या पुस्तकाला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, आणि ते योग्यच आहे. पण बर्लिनमधली परकार घेतलेली इरावतीसुद्धा आपल्या ओळखीची असावी, म्हणून आजचा हा विषय निवडला.

आमचं बोलणं इथे थांबवतो. वेळ थोडा शिल्लक आहे, तेव्हा प्रश्न घेऊ. मागच्या रांगेतल्यांनी जरा मोठ्याने विचारावं, म्हणजे ध्वनिमुद्रणातही येईल.